योल्दोश वाटाड्या आणि वाळूचा दरवाजा

दोष बेर्दीबाबाचा होता. हे आधीच सांगून टाकतो, कारण झरकुमची म्हातारी माणसं ही गोष्ट सांगायला बसली की दोष वाऱ्याला देतात, वाळूला देतात, नदीला देतात, आणि काहीच हाताला लागलं नाही तर नशिबाला देतात. वाऱ्याने शपथ घेतली नव्हती. वाळूने दार लावलं नव्हतं. बेर्दीबाबाने लावलं.

आता ऐका.

फार फार वर्षांपूर्वी, एका गावची बातमी दुसऱ्या गावाला उंटाच्या पाठीवरूनच जायची तेव्हा, मध्य आशियाच्या वाळवंटात झरकुम नावाचं तटबंदीचं शहर होतं. तट मातीच्या विटांचा, पण इतका रुंद की वरून दोन गाढवं शेजारी शेजारी चालली तरी भांडायची नाहीत. तटाला दोन दरवाजे. पूर्वेला पाण्याचा दरवाजा, कारण तिकडून कालवा आत यायचा. पश्चिमेला वाळूचा दरवाजा, कारण त्याच्यापलीकडे वाळूशिवाय काही नव्हतं. पुढची विहीर फार लांब. जो तिथे पोचला तो सांगायचा, मी पोचलो. जो नाही पोचला तो काहीच सांगायचा नाही.

झरकुमची एक रीत होती. दारात आलेल्या परक्याला परत पाठवायचं नाही. पाण्याच्या दरवाज्यात शहराचा वाटाड्या उभा असायचा, कमरेला लांब निळा शेला गुंडाळून. पाहुण्याने शेल्याचं लोंबतं टोक धरायचं, त्याच्या मागच्याने त्याचा झगा धरायचा, त्याच्या मागच्याने त्याचा. वाटाड्या पुढे, मागे वळून न बघता, बोलत बोलत सगळं शहर दाखवायचा. याला फेरी म्हणायचे. फेरी चालू असताना वाटाड्याला कोणी अडवायचं नाही, त्याचं बोलणं तोडायचं नाही, आणि त्या रांगेच्या मागे कोणी चालायचं नाही. फेरी सराईत, म्हणजे वाटसरूंच्या धर्मशाळेत, संपायची. तिथे नान मोडायचा. नान म्हणजे तिथली भट्टीतली जाड गोल रोटी. ज्याने झरकुमचा नान खाल्ला तो झरकुमचा पाहुणा, मग त्याला जा म्हणायचा हक्क कोणालाच नाही. एखाद्या घराने वाटेतच कोणाला उंबऱ्याच्या आत घेऊन नान दिला, तर तो त्या घराचा पाहुणा. फक्त फेरी पुरी व्हायला हवी. वाटाड्याने ती अर्धवट टाकली, तर वाटेत सुटलेला माणूसही फेरीतलाच धरायचे, आणि त्याच्या पोटात गेलेला नान कोणी मानायचं नाही.

ही रीत कोणी घातली? म्हाताऱ्यांनीच. चांगली घातली. म्हाताऱ्यांच्या रीती चांगल्याच असतात. त्या पाळायची वेळ येते तेव्हा म्हातारे बिघडतात.

त्या काळी झरकुमचा वाटाड्या होता योल्दोश. पंचांच्या मुख्याचा, म्हणजे बेर्दीबाबाचा मुलगा. ऐन विशीतला, पायाने चपळ आणि तोंडाने त्याहून चपळ. असं म्हणतात, की त्याने दाखवलेलं शहर खऱ्या शहरापेक्षा मोठं असायचं. अर्धवट राहिलेल्या मनोऱ्यापाशी तो सांगायचा, "गवंडी जेवायला खाली उतरला आणि स्वयंपाकिणीशी लग्न करून बसला. अजून जेवतोय." तांबटांची गल्ली एवढी वाकडी का? तर म्हणे शहर आखताना गाढवामागून दोरी टाकत गेले, आणि गाढव द्राक्षाची दारू प्यायलेलं होतं. मशिदीच्या कमानीवरची एक निळी फरशी पडली होती. "ती आभाळाची होती. आभाळाने परत मागून घेतली." व्यापारी हसायचे, पुढच्या वर्षी मुद्दाम परत यायचे, आणि योल्दोश पुढच्या वर्षी तीच गोष्ट वेगळी सांगायचा.

बेर्दीबाबाला हे पटायचं नाही. तो म्हणायचा, "बोललेलं बदलत नाही, तो माणूस." मुलगा म्हणायचा, "बाबा, बदलत नाही तो दगड. आणि आपल्याकडे तर दगडही नाहीत, सगळी मातीच आहे." आई, आइनिसा तिचं नाव, भट्टीत नान थापता थापता हसायची. तिचा नान सगळ्या शहरात नावाजलेला.

मग एका उन्हाळ्यात नदीने पात्र बदललं. झरकुमच्या वरच्या अंगाला एक गाव होतं, नदी त्याला सोडून निघून गेली. नुसती गेली. बायको माहेरी जाते तशी नाही, कायमची. गाव सुकलं. तिथली माणसं उठली आणि चालत चालत झरकुमच्या पाण्याच्या दरवाज्याशी आली. लेकुरवाळ्या बाया, काखेत कोंबड्या धरलेले पुरुष, पाठीवर आजारी माणसं. सगळ्यांत पुढे झुलेखा-मोमो. मोमो म्हणजे तिकडे आजी. वाकलेली, पण जीभ सरळ.

झरकुमच्या कालव्यालाही पाणी कमीच आलं होतं. तुतीच्या झाडाखाली पंच बसले. सगळ्या पांढऱ्या दाढ्या. दाढी पांढरी झाली की अक्कल येते, हेही दाढीवाल्यांनीच सांगून ठेवलंय. एक म्हणाला, एवढ्या तोंडांना पाणी पुरणार नाही. दुसरा म्हणाला, पण दारातून परत पाठवलं तर रीत मोडते. तिसऱ्याने खोकून वेळ काढला. आणि मग बेर्दीबाबाने तोड काढली.

"दारातून परत पाठवायचं नाही ना? नको पाठवायला. आत घ्या. फेरी घडवा. मनोरा दाखवा, बाजार दाखवा. आणि सराईच्या आधी वळून वाळूच्या दरवाज्याने बाहेर काढा. रीत कुठे मोडली?"

पंचांनी माना डोलावल्या. म्हणजे कोणालाही परत पाठवायचं नाही, सगळ्यांना शहर दाखवायचं, आणि सगळी वाळूत मरू द्यायची. रीत शाबूत.

पण एका पंचाच्या मनात खोट होती. तो म्हणाला, "बेर्दी, वाटाड्या तुझा पोरगा. त्याने काही घोळ घातला तर तू विरघळशील."

बेर्दीबाबाला ते झोंबलं. त्याने टोपलीतून नान उचलला, त्यावर हात ठेवला आणि सगळ्यांसमोर शपथ घेतली, "या फेरीत ज्याचे पाय वाळूच्या दरवाज्यापर्यंत येतील, तो बाहेर जाईल आणि परत आत येणार नाही. कोणीही असो."

शेवटचे दोन शब्द कोणी मागितले नव्हते. पण म्हाताऱ्या माणसाला शपथेत दोन शब्द जास्त घालायची हौस असते.

झरकुममध्ये नानवर घेतलेली शपथ फिरवत नसत. हे योल्दोशला ठाऊक होतं. बापाने बोलावून हुकूम दिला तेव्हा त्याने कमरेचा निळा शेला सोडला आणि पुन्हा घट्ट गुंडाळला. मग म्हणाला, "फेरी किती लांबवायची ते वाटाड्या ठरवतो. ही रीतच आहे ना, बाबा?"

"तुझी बडबड तू जाण," बेर्दीबाबा म्हणाला आणि पंचांना घेऊन वाळूच्या दरवाज्यापाशी जाऊन बसला.

योल्दोश पाण्याच्या दरवाज्यात आला. त्याने शेल्याचं टोक झुलेखा-मोमोच्या हातात दिलं.

"कुठं नेतोस, पोरा?" तिने विचारलं.

"शहर दाखवतो, मोमो."

"शहर बघून पोट भरतं का तुमच्याकडे?"

"आमच्या म्हाताऱ्यांचं भरतं," योल्दोश म्हणाला आणि चालायला लागला.

पहिल्या वेळी तो मनोऱ्यापाशी गेला, तांबटांच्या गल्लीतून गेला, खरबुजांच्या बाजारातून गेला, आणि नेहमीच्या गोष्टी नेहमीच्याच आवाजात सांगितल्या. फक्त प्रत्येक गोष्टीच्या शेवटी तो मोठ्याने म्हणायचा, "आणि ही फेरी आज सराईत जात नाही. वाळूच्या दरवाज्याला जाते." पाहुण्यांना त्याचा अर्थ कळला नाही. दारांमागच्या माणसांना कळला. कोणी दार उघडलं नाही. गच्चीवरच्या बायांनी ओढणीने तोंडं झाकली, एवढंच.

वाळूचा दरवाजा समोर दिसला. पंच उठून उभे राहिले. आणि योल्दोश डावीकडे वळला, मनोऱ्याच्या दिशेने. "थांबा, एक गोष्ट राहिलीच," तो म्हणाला. पंच काही बोलू शकले नाहीत. फेरीत वाटाड्याचं बोलणं तोडायचं नाही, ही त्यांचीच रीत.

दुसऱ्या वेळी तांबटांच्या गल्लीत, गाढवाच्या गोष्टीशी, एक दार किलकिलं झालं. आतून हात आला आणि रांगेतल्या शेवटच्या पोरसवद्या आईला, कडेवरच्या लेकरासकट, आत ओढून घेऊन गेला. दार लागलं. नान मोडल्याचा बारीकसा आवाज आला. योल्दोशने मागे पाहिलं नाही, वाटाड्याने बघायचंच नसतं. पण त्याच्या कमरेला कळलं. शेला हलका झाला होता.

मग त्याने काय केलं? तो जास्त बोलायला लागला.

असं म्हणतात, की त्या फेरीत योल्दोशने सांगितलेल्या गोष्टी आधी कोणी ऐकल्या नव्हत्या आणि नंतर कोणाला पुऱ्या आठवल्या नाहीत. असं म्हणतात, की तो चालत राहावा म्हणून गल्ल्या लांबल्या, जिथे भिंत होती तिथे वळण झालं, आणि वळणापुढे आणखी एक गल्ली निघाली. अर्धा मनोरा ऐकायला खाली वाकला. तो अजून वाकलेलाच आहे. सूर्य खरबुजांच्या बाजारावर येऊन थबकला आणि संध्याकाळ व्हायला तयार होईना. पुन्हा पुन्हा तो वाळूचा दरवाजा दिसेपर्यंत यायचा, पंच उठायचे, आणि तो म्हणायचा, "अरे हो, एक राहिलंच!" पंच बसायचे. म्हाताऱ्यांचे गुडघे, उठून बसून कुरकुरायला लागले.

आणि शहरात दारं उघडत होती. हळूहळू. लाज वाटायला माणसांना वेळ लागतो, तेवढा वेळ योल्दोश पायांनी काढून देत होता. चांभाराने एका आजाऱ्याला घेतलं. रंगाऱ्याने दोघा भावांना घेतलं, कोंबडीसकट. हमामवालीने एका दमात अख्खं कुटुंब आत घेतलं, म्हणाली, आधी अंघोळी करा, मग नान. प्रत्येक दाराशी शेला थोडा हलका. योल्दोशचा आवाज फाटत चालला होता. गच्चीवरून कोणी पाणी खाली सोडलं की तो चालता चालता घोट घ्यायचा आणि घोटातल्या घोटात बोलायचा.

शेवटी झुलेखा-मोमो म्हणाली, "पोरा, मागे कोणी नाही. मी एकटी उरले. आता गप्प बस, घसा फुटेल."

"अजून एक दार आहे, मोमो."

"कोणाचं?"

"आमचं."

आइनिसा भट्टीपाशी उभीच होती, हातात गरम नान घेऊन. तिने मोमोचं मनगट धरलं आणि उंबऱ्याच्या आत घेतलं. पंचांच्या मुख्याच्या घरात. मोमोने नान मोडला, घास तोंडात टाकला आणि म्हणाली, "मीठ कमी आहे."

आइनिसा मुलाला म्हणाली, "तू पण आत ये."

"आई, फेरी संपली नाही. पंचांनी आज ती वाळूच्या दरवाज्याशी संपवायला सांगितलीय. मी आत आलो तर ती अर्धवट राहिली, मग ही सगळी फेरीतलीच. पंच घराघरांतून बाहेर काढतील."

"आणि तू दरवाज्यापर्यंत गेलास तर? शपथ ऐकली नाहीस का?"

योल्दोश हसला. "ऐकली की. दोनच शब्द तर गिळायचेत. बाप आहे माझा, एवढे गिळेल."

हेच त्याचं चुकलं. गोष्टींत त्याने गाढवांना दारू पाजली, मनोरे वाकवले, सगळं बदलून दाखवलं. म्हणून त्याला वाटलं बापही बदलेल.

तो एकटा वाळूच्या दरवाज्याशी आला. शेला मागे धुळीत लोळत होता आणि तो अजून बोलतच होता, घोगऱ्या आवाजात, कोणालाच उद्देशून नाही. मागोमाग शहर जमलं. आता फेरी संपली होती, आता मागे चालायला कोणाची मनाई नव्हती.

"माणसं कुठायत?" बेर्दीबाबाने विचारलं.

"घरी."

"कोणाच्या घरी?"

"आपापल्या. एकजण तुमच्या घरी आहे, बाबा. नानमध्ये मीठ कमी आहे म्हणते."

लोक हसले. मला विचाराल तर त्या हसण्यानेच घात झाला. म्हाताऱ्या माणसाला उपाशी ठेवा, चालेल. त्याच्यावर हसू नका.

ज्या पंचाच्या मनात आधी खोट होती, तो हळूच म्हणाला, "बेर्दी, कोणीही असो म्हणालास."

बेर्दीबाबा मुलाकडे बघत राहिला. त्याचे ओठ हलले. त्या क्षणी तो दोन शब्द गिळू शकत होता. फार तर पंचांनी थू म्हटलं असतं, दुसरा कोणी मुख्य झाला असता, आणि घरी संध्याकाळी तिघं, नव्हे चौघं जेवायला बसले असते. आइनिसामागून आलेली झुलेखा-मोमो गर्दीतून ओरडली, "शब्द गिळायला दात लागत नाहीत, म्हाताऱ्या! गिळ!"

बेर्दीबाबा म्हणाला, "मी नानवर हात ठेवलाय."

"बाबा," योल्दोश म्हणाला. इतक्या गोष्टी सांगून झाल्यावर बापाला सांगायला त्याच्याकडे एकही उरली नव्हती.

आता शहराबद्दलही बोलू, कारण शहर स्वतःबद्दल बोलत नाही. ज्यांनी परक्यांसाठी दारं उघडली ती सगळी तिथे उभी होती. चांभार, रंगारी, हमामवाली, सगळी. एकानेही पुढे होऊन त्याचा हात धरला नाही. पंच बघत होते ना. पंचांच्या पाठीमागे दार उघडणं सोपं असतं, तोंडावर अवघड.

फक्त आइनिसा पुढे आली. तिकडे माणूस लांब निघाला की एका नानचा घास घेतो आणि उरलेला नान घरात टांगतात, परत येऊन त्याने तो संपवावा म्हणून. आइनिसाने नान मुलासमोर धरला. त्याने एक घास तोडला. तिने नान छातीशी धरला, आणि नवऱ्याकडे पाहिलं नाही. असं म्हणतात, की त्यानंतर कधीच पाहिलं नाही.

योल्दोश बाहेर गेला. बेर्दीबाबाने दाराची फळी स्वतः ओढली, दुसऱ्या कोणाला हात लावू दिला नाही. त्याच वेळी सूर्य, जो एवढा वेळ थबकला होता, तो एकदम बुडाला.

सकाळी बेर्दीबाबानेच दार उघडलं. पंचांना न विचारता, एकटा जाऊन. रात्री वारा सुटला होता. बाहेर वाळू होती, सपाट, आदल्या दिवशी कोणी चाललंच नसावं अशी. त्याने हाका मारल्या. तो उंटावरून शोधायला गेला, विहिरीपर्यंत जाऊन आला, आणि विहिरीपाशी कोणी पोचलं नव्हतं.

मग त्याने कुऱ्हाड घेतली आणि दरवाज्याच्या दोन्ही फळ्या फोडल्या. बायकोच्या भट्टीत घालायला लाकूड नेलं. तिने ते भट्टीत घातलं नाही. पाऊस नाही त्या देशात ते अंगणात पडून पडून राखाडी झालं.

पुढे तांडे वेगळंच सांगायला लागले. वादळात वाट चुकली की पुढे एक माणूस चालताना दिसतो, कमरेला निळा शेला. तोंड दिसत नाही, तो मागे वळत नाही. पण आवाज येतो, घोगरा. "उजवीकडे बघा, इथे गवंडी जेवायला बसलाय." शेल्याचं टोक धरून चालत राहिलं की वाळू संपते आणि झरकुमचा तट दिसतो. दरवाज्याशी आल्यावर हातातलं टोक नाहीसं होतं. तो आत येत नाही. आता दरवाज्याला फळ्याच नाहीत असं त्याला सांगितलं, तरी येत नाही.

आणि कालव्याचं पाणी? पुरलं. नदी हरवलेल्या माणसांनी वरच्या अंगाला पाट खणला, त्यांना ते काम येत होतं. पंचांनी विचारलं असतं तर त्यांनी त्याच दिवशी सांगितलं असतं.

आजही झरकुमला गेलात तर पाण्याच्या दरवाज्यात निळा शेला बांधलेले वाटाडे उभे असतात. टोपी घाला, पाणी बरोबर घ्या आणि शेल्याचं टोक धरा. ते मनोरा दाखवतात, तांबटांची गल्ली दाखवतात, निळ्या फरशीची रिकामी जागा दाखवतात. शेवटी वाळूच्या दरवाज्याशी येतात. नुसती कमान आहे, तिला फळ्या पुन्हा कोणी बसवल्या नाहीत. तिथून कोणी बाहेर पडत नाही. सगळे वाळूकडे तोंड करून उभे राहतात, वाटाड्या योल्दोशचं नाव घेतो आणि विचारतो, "मागे कोणी राहिलंय?" आणि सगळ्यांनी, तुम्हीसुद्धा, म्हणायचं असतं, "दार उघडं आहे." मग सराईत जाऊन नान मोडायचा. त्यात मीठ मुद्दाम कमी घालतात.

कमानीच्या कोनाड्यात एक नान टांगलेला असतो, एक घास तोडलेला. नवरोजच्या सकाळी, म्हणजे त्यांच्या वर्षाच्या पहिल्या दिवशी, जुना नान पाखरांना घालतात आणि नवा टांगतात. नवा नान म्हाताऱ्यांनी आणायचा, घास सगळ्यांत तरुण वाटाड्याने तोडायचा. त्या वेळी म्हाताऱ्यांनी बोलायचं नसतं. आणि एरवीही, शहरात कोणी मोठ्या तोंडाने शपथ घ्यायला लागला की शेजारचा म्हणतो, "दोन शब्द कमी घाल."

बेर्दीबाबा पुढे पुष्कळ वर्षं जगला. रोज सकाळी तो कमानीत येऊन बसायचा, बाहेर तोंड करून, आणि लोक त्याला सलाम करत पुढे जायचे. लोकांनी त्याला माफ केलं, असं म्हातारी माणसं सांगतात. केलंही असेल.

त्याला एकच मुलगा होता. तो परत आला नाही.